बॅकस्टेज डॉक्युमेंटरी: कॅमेरा काढला की सगळे पुतळे होतात, काय करू?

ठाणेकर_क्लिक: मंडळी, एका फॅशन डिझायनरच्या भरतकामाच्या वर्कशॉपवर १५ मिनिटांची डॉक्युमेंटरी करतोय, त्याचा फॅशन शो पुढच्या महिन्यात मुंबईत आहे. दोन दिवस जाऊन आलो पण कॅमेरा काढला की कारागीर शाळेत इन्स्पेक्टर आल्यासारखे ताठ बसतात. त्यात मागच्या शोला मेकअपच्या आरशांपाशी थोडं शूट केलेलं, त्यात सगळे काळे आडवे पट्टे. ५० एमएम लेन्स आहे, एक लेपल माइक आहे, बजेट शून्य. कोणी केलंय का असलं काही?

शटरराव: पट्ट्यांचं आधी सांगतो. आपली वीज ५० हर्ट्झची, म्हणजे ट्यूब आणि स्वस्तातले एलईडी सेकंदाला १०० वेळा लुकलुकतात, म्हणून शटर स्पीड १/५० किंवा १/१०० सेकंदाला लॉक करून टाक, सेकंदाला २५ फ्रेम ठेव. फोटो सायलेंट शटरवर काढत असशील तर ते पण बंद कर. आरशाचे दिवे डिमरवर असले तर एवढ्यानेही भागत नाही, फुल ब्राइट करायला सांग. आणि ५० एमएम घेऊन बॅकस्टेजला जाशील तर पाठ भिंतीला टेकेल तरी चेहरा अर्धाच येईल, कोणाकडून तरी २८ किंवा ३५ एमएमची, जास्त रुंद दिसणारी लेन्स माग.

मीनल_पुणे: पुतळ्यांचा प्रॉब्लेम सगळ्यांनाच येतो रे. ‘द सप्टेंबर इश्यू’ हा डॉक्युमेंटरी सिनेमा बघ, २००९ चा, व्होग या फॅशन मासिकाच्या सप्टेंबर २००७ च्या अंकावरचा. त्यातल्या ग्रेस कॉडिंग्टनला, म्हणजे मासिकाच्या क्रिएटिव्ह डायरेक्टरला, सुरुवातीला कॅमेरा आसपाससुद्धा नको होता, आणि शेवटी तिनेच कॅमेरामनला फोटोशूटमध्ये उडी मारायला लावली! वर त्याचं पोट रिटच करून आत घालायचं निघालं तेव्हा राहू द्या म्हणून भांडली. पण ही माणसं महिनोन्‌महिने तिथे पडीक होती, तुझे दोनच दिवस झालेत.
‘डिऑर अँड आय’ ही डॉक्युमेंटरी पण बघ. डिऑरचा तेव्हाचा नवा डिझायनर राफ सिमन्सला तिथल्या पहिल्या कूत्यूर (मापाने हाताने शिवलेल्या उंची कपड्यांच्या) कलेक्शनला जेमतेम आठ आठवडे होते, आणि नेमकी फिटिंगच्या वेळी एक अटेलिएप्रमुख (शिवणाच्या वर्कशॉपची प्रमुख) बाई गिऱ्हाइकासाठी न्यूयॉर्कला! त्याचा वैताग बघण्यासारखा आहे, रॅम्पपेक्षा मला तेच आवडलं.
आणि हो, कपडे बदलायच्या जागेत कॅमेरा खालीच ठेवायचा, पास असला तरी.

ठाणेकर_क्लिक: शटरराव, पट्टे गेले, जियो. मीनलताई, आज वर्कशॉपमध्ये कॅमेरा बॅगेतून काढलाच नाही. खाका, म्हणजे भरतकामाचं डिझाइन, छापताना बघितलं, टोचलेल्या ट्रेसिंग पेपरवरून रॉकेल आणि पावडरचं फडकं फिरवलं की कापडावर ठिपक्यांची वेल उमटते. मग तिथल्या एका कारागीर चाचांनी अड्ड्याशी, म्हणजे कापड ताणून बसवायच्या लाकडी चौकटीशी, बसवून मणी निवडायला लावले. वरचा हात आरी (आकड्याची सुई) चालवतो ते दिसतं, पण कापडाखाली दुसरा हात धागा पुरवत असतो ते मला आज कळलं. फुटेज शून्य. उद्या कॅमेरा अड्ड्याखाली ठेवू का असं विचारलं तर चाचा म्हणाले, पहले नीचे झाड़ू मार.