धुरी, घुटी आणि मालिशवाल्या मावशी, आईला कसं समजावू?

परीची_आई:
बाळ १२ दिवसांचं आहे, मुलगी, सध्या माहेरी आहे वाईजवळ गावात. मालिशला मावशी येतात, हात खरंच छानेय त्यांचा, बाळ नंतर गाढ झोपतं. पण अंघोळ झाली की नाकात-कानात तेल सोडतात, नाक चिमटून सरळ करतात आणि मग दार लावून ओवा, वावडिंग, धुपाची धुरी, काल तर पोर ठसकायला लागली. नाळ अजून पडली नाहीये तर म्हणतात हळद-तेल लावा. आणि आईने घुटीसाठी सहाण घासून ठेवलीय, वेखंड जायफळ मुरडशेंग हळकुंड सगळं आणलंय, बारसं झालं की सुरू. डॉक्टर म्हणाले सहा महिने फक्त अंगावरचं दूध, पाणीसुद्धा नाही. आई म्हणते तुम्ही भावंडं घुटीवरच वाढलात. तीच रात्रंदिवस माझं करतेय, तिच्याशी वाद नको वाटतो. काय करू?

सिस्टर_कोल्हापूर:
ताई, मालिश चालू ठेव, फक्त हलक्या हाताने. नाकातलं तेल मात्र आजच बंद, ते श्वासातून फुफ्फुसात गेलं तर न्यूमोनिया होतो. कानातलं पण बंद. बाळाची छाती पिळत असतील तर तेही करू देऊ नकोस, गळू होतं. नाळेला काहीच लावायचं नाही, कोरडी ठेवायची, लंगोट नाळेच्या खाली बांधायचा. एक ते तीन आठवड्यांत आपोआप पडते. आजूबाजूला लाल झालं, पू आला, वास आला तर लगेच दाखव. तोवर पुसून घेतलं तरी चालतं, रोज घंगाळभर पाणी कशाला.

गोट्याची_आज्जी:
अगं आईचा जीव असतो गं त्या सहाणेत, नुसतं नको म्हटलं की तिला लागणारच. तिला दुसरं काम दे, अळीवाची खीर, डिंकाचे लाडू, शेपूची भाजी तुझ्यासाठी करू दे, तुझ्या पोटात गेलं म्हणजे झालं. मी पण घुटीवालीच, पण सुनेच्या डॉक्टरांनी विचारलं की दगडावर किती उगाळलं गेलं ते कोण मोजतं, आणि जायफळाने पोर शांत होतं म्हणजे गुंगी येते, तेव्हा मी गप्प बसले 😄 मध पण वर्षभर नको बरं का, बोटभर चाटवतात ना ते. धुरी करायचीच तर रिकाम्या खोलीत करा आणि धूर गेल्यावर बाळाला न्या.

निखिल_बाबा:
आशाताई येतात का तुमच्याकडे? दवाखान्यात डिलिव्हरी झाली असेल तर ३, ७, १४, २१, २८ आणि ४२ व्या दिवशी घरी यायच्या असतात. १४ वा दिवस परवाच आहे की! आईसमोर त्यांनाच घुटीचं विचारा, आपण सांगितलं की उद्धटपणा वाटतो आणि त्यांनी सांगितलं की पटतं, आमच्याकडे असंच झालं.

सिस्टर_कोल्हापूर:
हे बेस्ट. आणि दूध पुरतंय का हे शूवरून बघ, २४ तासांत सहा-आठ वेळा हवी. दूध ओढत नसेल, मलूल वाटली, श्वास घेताना छाती आत जात असेल, काखेत ताप ९९.५ च्या वर किंवा अंग गार, तळहात-तळपाय पिवळे, यातलं एक जरी दिसलं तर सकाळची वाट बघू नका, १०२ ला फोन करा, ॲम्ब्युलन्स फुकट असते.

परीची_आई:
थँक्यू सगळ्यांना 🙏 परवा आशाताईंनाच पुढे करते. काजळाचं काय मग? आई घरीच पाडते, तुपाच्या दिव्यावर.

गोट्याची_आज्जी:
डोळ्यात नको, घरचं असलं तरी. तीट लावा की तळपायाला!