तीन चालेल, पण एकाच वर्तुळावर

आपल्या काल्पनिक जगात पाय (परिघ भागिले व्यास) नेमका ३ ठेवा, तो देवांचा आकडा, असं वर कुणी म्हटलंय. त्यांनी एकदा आमच्या गावच्या लोहाराकडे बसावं. बंडीच्या चार फुटी चाकाला बारा फुटांची पट्टी कापली तर धाव (चाकावर चढवायची लोखंडी पट्टी) जवळपास सात इंच अपुरी पडते. तशी धाव किंचित आखूडच ठेवतात. गोवऱ्यांच्या जाळात लाल करून चढवतात, पाणी ओतलं की ती आवळते अन् लाकूड करकरतं. पण सात इंच? कोणताच जाळ तेवढं ताणत नाही.

सपाट जमिनीवर व्यासाच्या तिप्पट म्हणजे वर्तुळात बसणारा षटकोन, बस्स.

तरी ३ टाकून देऊ नका. जग गोल आहे ना? मग ध्रुवावर खुंटी ठोका, बैलाला दोर बांधून फिरवा. दोर जमिनीला चिकटूनच मोजायचा. तो लांबवाल तसं गुणोत्तर घटतं: विषुववृत्तावर २, अन् ६० अंश अक्षांशावर बरोब्बर ३! मांत्रिकांचा मठ तिथंच बांधा. चार कोस इकडेतिकडे सरकले की मंत्र फसला.