डाळिंबाचा रस घरी काढला की कडू का होतोय? मिक्सर चुकतोय की मी?

स्वप्ना_कोथरूड
मंडळी जरा मदत करा. सासूबाईंच्या दातांचं काम चालू आहे त्यामुळे दाणे चावता येत नाहीत, आणि डाळिंब म्हणजे त्यांचा जीव की प्राण, म्हणून म्हटलं घरीच रस काढून देऊ. दोन किलो भगवा आणला, अर्ध्यांचे दाणे सोलले, चटणीच्या भांड्यात घातले आणि मस्त मिनिटभर फिरवलं. गाळलं तर काय, रंग विटकरी, वर पांढरट फेस आणि चव अशी की जीभ टाळ्याला चिकटली. सासूबाई काही बोलल्या नाहीत, एक घोट घेऊन ग्लास ओट्यावर परत ठेवला, ते जास्त लागलं मला. दुसऱ्या दिवशी मोसंबीच्या प्रेसमध्ये डाळिंब अर्धं कापून दाबलं, रस भरपूर निघाला पण आणखीनच कडू! ज्यूसवाल्याकडचा गोड कसा लागतो मग? नुसती साखर का?

खादाड_काका
मिनिटभर??? अगं रस काढलास की बियांचं पीठ दळलंस 😄 रस सगळा बाहेरच्या गरात असतो, आतली बी फुटली की तुरट पण लागतं आणि दाताखाली कचकच पण येते. मिक्सरचं बटण उलटं फिरव, एक सेकंद, सोड. असं तीन-चार वेळा, बास. भांड्यात बघितलं तर दाणे फुटलेले आणि बिया अख्ख्या दिसल्या पाहिजेत. आणि गाळताना चमच्याने घासत बसायचं नाही, चोथ्यात थोडा रस राहिला तर राहू दे.
प्रेसचं कारण वेगळं. तिथे साल आणि आतले पिवळट पापुद्रे पण पिळले जातात. डाळिंबाच्या सालीत इतकं टॅनिन असतं की पूर्वीपासून कातडी कमवायला ती वापरतात, आता तू तेच सासूबाईंना पाजलंस म्हटल्यावर त्या तरी काय बोलणार.

माणदेशी_गडी
ताई फळ पण बघून घ्या. आमची सांगोल्याकडं बाग आहे. भगवा झाडावर जास्त दिवस राहिला ना तर वरनं साल एकदम लालभडक दिसते पण आत दाणे तपकिरी पडायला लागतात, असे चार दाणे जरी आले तरी रसाचा रंग आणि चव दोन्ही जाते. सोलताना निवडून टाका. फळ हातात वजनाला जड लागलं पाहिजे, आणि तयार फळ एकदम चेंडूसारखं गोल नसतं, बाजूनं जरा चेपल्यासारखं, कोनं आलेलं असतं.
अजून एक, सालीवर काळे डाग आणि बारीक चिरा असलेली फळं स्वस्तात मिळतात, तो तेल्या रोग. बाग बसवतो तो आमची, पण डाग सालीपुरता असला आणि आतले दाणे चांगले असले तर रसाला बिनधास्त घ्या, देखण्या फळाला जास्त पैसे कशाला घालवता. फक्त चिरेतनं सडायला लागलेलं घेऊ नका.

शुभदा६२
मिक्सर कशाला लागतो गं? माझी आई पुरणाच्या चाळणीवर दाणे घालून वाटीच्या बुडाने दाबायची, खाली पातेलं. बी फुटायचा प्रश्नच नाही. तेव्हा गणेश जातीची डाळिंबं यायची, दाणा फिका गुलाबी आणि बी मऊ, रस दिसायला अगदीच साधा पण गोड. चाळण स्टीलची घे, लोखंडाचं काही लावू नकोस, रस काळवंडतो. आणि सोलताना पाण्यात सोल, दाणे तळाला बसतात, पापुद्रे वर तरंगतात, हाताने काढून टाकायचे. मग दाणे चाळणीत नीट निथळू दे, नाहीतर रस पाणचट होतो.

बे_एरिया_बंड्या
इथे कॅलिफोर्नियात वंडरफुल नावाची जात मिळते, बी कडक आणि भगव्यापेक्षा आंबट. मिक्सर जरा जास्त फिरला की संपलं. मी दाणे झिपलॉकच्या पिशवीत भरून लाटणं फिरवतो, मग पिशवीचा कोपरा कापून गाळणीवर पिळतो. बायको हसते पण ओटा स्वच्छ राहतो.

खादाड_काका
हिमोग्लोबिनसाठी देत असशील तर त्या भरवशावर राहू नकोस, रंग लाल आहे म्हणून लोह असतं असं नाही, 100 ग्रॅम दाण्यांत अर्धा मिलिग्रॅमसुद्धा नसतं. आवडतं म्हणून दे.

स्वप्ना_कोथरूड
नाही हो काका, आवड म्हणूनच. तर रिपोर्ट: आज उरलेली चार फळं घेतली, किलोच्या आसपास, पाण्यात सोलली. एकात खरंच तपकिरी दाणे निघाले, वरून कळलंच नसतं! निम्मे मिक्सर उलटा फिरवून, निम्मे पुरणाच्या चाळणीवर. मिक्सरचा रस जास्त निघाला, चाळणीचा जास्त गोड लागला, मनगट मात्र दुखलं. सगळा मिळून दीड ग्लास, साखर शून्य, चिमूटभर सैंधव. सासूबाईंनी ग्लास संपवला आणि म्हणाल्या उद्या चाळणी मला दे, तुला दाबता येत नाही 🙄
आता फक्त एक सांगा, नवऱ्याच्या पांढऱ्या बनियनवर डाग पडलेत, साबण लावला तर निळसर झालेत, काय करू?