मदत हवी आहे : अंगोलाच्या यादवीतले गट समजून घ्यायचे आहेत

नमस्कार मंडळी. फोंड्यातल्या आमच्या वाचक मंडळात आफ्रिकेतल्या अंगोलावर बोलायचं आहे. पोर्तुगिजांविरुद्ध तिथला सशस्त्र लढा पेटला १९६१ साली, त्याच वर्षी डिसेंबरात आपला गोवा मुक्त झाला. त्यांचं स्वातंत्र्य मात्र ११ नोव्हेंबर १९७५ पर्यंत लांबलं, आणि आलं ते यादवी घेऊनच.

लुआंडा या राजधानीत सत्ता घेतलेल्या एमपीएलए या गटाच्या मागे सोव्हिएत रशिया आणि क्यूबा, हे सरळ आहे. गुंता विरोधकांचा आहे. होल्डन रोबेर्तोंच्या एफएनएलए या गटाला शेजारच्या झाईरचा (आजचं कांगो लोकशाही प्रजासत्ताक) आणि अमेरिकेचा आधार, शिवाय १९७४ साली चीनचे प्रशिक्षकही आले. जोनास साविम्बी आधी रोबेर्तोंच्याच गोटात होते. १९६४ साली ते फुटले आणि १९६६ साली त्यांनी युनिटा ही आपली वेगळी संघटना काढली. तिलाही आरंभी चीनची मदत, पुढे दक्षिण आफ्रिकेची. नोव्हेंबर १९७५ मध्ये एफएनएलए आणि युनिटा यांनी अंगोलातल्या हुआंबो शहरात संयुक्त सरकार जाहीर केलं, आणि थोड्याच काळात त्याच शहरात एकमेकांवर गोळ्या झाडल्या! शत्रू एक, पुरवठादारही बरेचसे तेच, तरी असं का?

मला वाटतं, परक्यांच्या शस्त्रांपेक्षा बाकोंगो (एफएनएलएचा आधार असलेला उत्तरेतला समाज) आणि ओविम्बुंडू (युनिटाचा आधार असलेला मध्य भागातला समाज) यांच्यातला प्रादेशिक दुरावा आणि दोन नेत्यांमधलं जुनं वैर जास्त कारणीभूत असावं. पण हे नीट पडताळायचं आहे. यावर मराठीत वाचण्याजोगं काही आहे का? त्या काळची पोर्तुगीज वर्तमानपत्रं वाचून अर्थ सांगणारं कोणी जाणतं माणूस आहे का? कोणाच्या घरातले वडीलधारे तेव्हा लुआंडात असतील, तर त्यांच्या आठवणीही जरूर कळवा.