अनुभव धागा : चरित्र अभिनेत्याचा संसार आणि मराठवाडा

नायिकेचा बाप, तलाठी, सावकार, हवालदार अशा भूमिकांवर ज्यांचे पोट चालते, त्या नटांविषयी जे लिहिले जाते ते बहुधा सत्कारापाशी थांबते. काम कसे मिळते आणि दोन कामांमधले महिने कसे काढले जातात, हे मराठवाड्यातून या व्यवसायात गेलेल्यांनी आणि त्यांच्या घरच्यांनीही येथे लिहावे. निर्मात्यांची व वाहिन्यांची नावे मात्र टाळावीत.

छत्रपती संभाजीनगर
मी येथील विद्यापीठाच्या नाट्यशास्त्र विभागात शिकलो. याच विभागात शिकवणारे लक्ष्मण देशपांडे ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’मध्ये ५२ पात्रे एकटे उभी करत. खांद्यावरचे उपरणे बदलले, मान जराशी वाकवली की नवा माणूस समोर येई. पुढे दोन वाक्यांच्या भूमिका वाट्याला आल्या तेव्हा हेच शिक्षण उपयोगी पडले, कारण अशा भूमिकेत माणूस हळूहळू उलगडायला वेळ नसतो. तो दारातून आत येतानाच ओळखू यावा लागतो.

परभणी
मालिकेत मी नायकाच्या काकाचे काम करत होतो. देवगिरी एक्स्प्रेसने रात्रभर प्रवास करून सकाळी मुंबईत उतरावे, तर चित्रीकरण पुढे ढकलल्याचा निरोप यावा, असे अनेकदा घडले. दिवसावर मानधन असल्यामुळे रद्द झालेल्या दिवसाचे काहीच मिळत नसे आणि केलेल्या कामाचे पैसे साधारण ९० दिवसांनी येत. नंतर कथानक सुनेच्या माहेराकडे वळले आणि काका गावी गेले ते परतलेच नाहीत. मला कोणी काढले नाही; बोलावणे थांबले, एवढेच.

नांदेड
राज्य नाट्य स्पर्धेतली रौप्यपदके घरी आहेत. ऑडिशनसाठी मोबाइलवर स्वतःच चित्रित करून पाठवायच्या दीड मिनिटाच्या दृश्यात त्यांचा उल्लेखही करता येत नाही. तक्रार नाही, पण स्पर्धेच्या तयारीतल्यांनी कॅमेऱ्यासमोर आवाज खाली आणायला वेळीच शिकावे.

बीड
मकरंद अनासपुरे आणि संदीप पाठक यांच्यामुळे आमच्या बोलीला पडद्यावर मान मिळाला, हे खरेच. मात्र त्याचा दुसरा परिणाम असा झाला की मराठवाड्याचा नट म्हणजे हसवणारा नट, असे कास्टिंगवाल्यांनी धरून ठेवले. मला डॉक्टर किंवा वकील म्हणून कोणी बोलावत नाही. शिवाय संहितेत जी ‘गावाकडची’ भाषा येते ती कोणत्याच गावाची नसते. ‘काय करायलास’ असे मी स्वाभाविकपणे म्हटले, तर दिग्दर्शकाने प्रेक्षकांना कळणार नाही म्हणून थांबवले. तेव्हा सेटवरची जालन्याची दोन पोरे खुदकन हसली. विनोदी भूमिका मी आजही घेतो, कारण घरभाडे त्यातूनच निघते.

लातूर
नट माझे पती आहेत. मी शिक्षिका आहे. घर माझ्या पगारावर चालते आणि त्यांच्या मानधनातून अधूनमधून मोठे खर्च भागतात. घरासाठी कर्ज मागितले तेव्हा बँकेने त्यांचे अनियमित उत्पन्न धरलेच नाही. पुढच्या दृश्यात दाढी तशीच दिसायला हवी म्हणून पुतणीच्या लग्नात ते वाढलेल्या दाढीनिशी वावरले आणि ‘तब्येत बरी नाही का?’ हे विचारणाऱ्यांना उत्तरे मी देत बसले. त्यांची ओळख रस्त्यावर पटते, नाव मात्र कोणाला आठवत नाही. त्यांना त्याचे वाईट वाटत नाही, मला वाटते.

धाराशिव
परभणीच्या अनुभवाला जोडून लिहितो. काम स्वीकारताना किमान दिवस, प्रवासखर्च, मुक्काम आणि चित्रीकरण रद्द झाल्यास काय, या चार गोष्टी लेखी घ्याव्यात. छोटी कामे फोनवरच ठरतात आणि कागद मागितला की दुसऱ्याला बोलावले जाईल ही भीती खरी आहे. म्हणून मी बोलणे झाल्यावर तेच तपशील संदेशाने पाठवतो आणि ‘हो’ एवढे उत्तर आल्याशिवाय तिकीट काढत नाही.