४९८अ चा (सासरच्या छळाचा) गुन्हा रद्द करायचाय, पण वहिनी परदेशात. मदत हवी आहे

भाऊ-वहिनीचा परस्परसंमतीने घटस्फोट झालाय. ठरलेली निम्मी रक्कम दिली, उरलेल्याचा डीडी गुन्हा रद्द झाल्यावर द्यायचाय. एफआयआर २०२२ चा, कलम ४९८अ आणि ४०६ (फौजदारी विश्वासघात), आरोपी भाऊ आणि आई-बाबा; दोषारोपपत्र दाखल झालंय. दंडाधिकाऱ्यांकडे तडजोडीची पुरसिस (लेखी निवेदन) दिली, तर म्हणाले ४९८अ इथे मिटत नाही, हायकोर्टात जा. (आधी कोणी सांगितलं असतं तर दोन तारखा वाचल्या असत्या.) आता मुंबई उच्च न्यायालयासाठी बीएनएसएस (नवी फौजदारी प्रक्रिया संहिता) कलम ५२८ खालचा, म्हणजे जुन्या संहितेतल्या ४८२ चा, गुन्हा रद्द करण्याचा अर्ज तयार आहे. वहिनीची हरकत नाही, पण नोकरीमुळे वर्षभर तरी येता येणार नाही. भारतीय दूतावासात साक्षांकित केलेलं तिचं संमतीचं प्रतिज्ञापत्र आणि व्हीसीवरची (व्हिडिओ कॉन्फरन्सिंगवरची) हजेरी, एवढ्यावर कोणाचं काम झालंय का?