हप्ता नको, व्याजाचा आकडा बघा

भाऊ, ‘जळगावात भाडं भरण्यापेक्षा हप्ता बरा’ हे मान्य. पण 25 लाखांचं गृहकर्ज, 8.5 टक्के व्याज, 20 वर्षं धरली तर हप्ता साधारण 21,700 बसतो आणि एकूण फेड 52 लाखांवर जाते. म्हणजे कर्जाएवढंच व्याज, वर थोडं जास्तच! पहिल्या हप्त्यात 17,700 रुपये नुसतं व्याज. मुद्दलाच्या वाट्याला जेमतेम चार हजार. मुदत 15 वर्षं केली तर हप्ता तीनेक हजारांनी वाढतो, पण व्याज पावणेआठ लाखांनी कमी होतं.

इथे अनेकांकडे गावी शेती आहेच. रावेर-यावलकडे केळीचा माल गेला, हाती रक्कम आली की आधी गाडी बुक होते. त्यातले एक लाख पहिल्या वर्षाअखेर मुद्दलात टाका, हप्ता तोच ठेवा: एकवीसेक हप्ते आणि साडेतीन लाखांवर व्याज वाचतं. फ्लोटिंग म्हणजे बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी फेडीचा दंड लागत नाही. फक्त ‘मुदत कमी करा’ असं बँकेला लेखी द्या.

2022-23 मध्ये रेपो दर (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने कर्ज देते तो) 4 वरून 6.5 टक्के झाला, कर्जं महागली, तेव्हा बऱ्याच जणांचा हप्ता तसाच राहिला, मुदत मात्र गुपचूप लांबली. म्हणून दरवर्षी स्टेटमेंट काढून उरलेले हप्ते मोजा. करसवलतीच्या भरवशावर तर बसूच नका. नव्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही.